फळी शिल्लक असेतोवर

मुंबई उच्च न्यायालयाच्या रोजच्या बोर्डावर कधीमधी एक चमत्कारिक प्रतिवादी दिसतो. वादी म्हणून चार-पाच माणसांची नावं असतात, आडनावांवरून कुणी रत्नागिरीकडचा, कुणी बिहारचा, कुणी युक्रेनचा असावा. आणि समोरच्या बाजूला ‘एम. व्ही. अमुक’. कंपनी नाही, मालक नाही, कप्तानही नाही. नुसतं जहाज. कुठल्याशा बेटाचा झेंडा लावलेलं हे गंजकं लोखंड कायद्याच्या दृष्टीनं माणसासारखं कोर्टात उभं असतं, आणि आपल्याच खलाशांचा पगार बुडवल्याची तक्रार ऐकून घेत असतं.

या प्रतिवादीला समन्स बजावायचं तर तो कुठल्या इमारतीच्या चौथ्या मजल्यावर सापडत नाही. तो प्राँग्ज दीपगृहाच्या पलीकडे नांगर टाकून उभा असतो. म्हणून हुकूम जातो मुंबईच्या नगरपालांच्या, म्हणजे शेरीफच्या, कार्यालयाकडे. नगरपाल हे वर्षभरासाठी दिलं जाणारं मानाचं पद. पाहुण्यांचं स्वागत आणि शोकसभा, एवढंच त्यांचं काम असावं अशी आपली समजूत असते. पण याच कार्यालयाचा बेलिफ लाँचमध्ये बसून समुद्रात जातो, हलत्या शिडीनं जहाजावर चढतो आणि वॉरंट ब्रिजवर किंवा डोलकाठीला चिकटवतो. एक प्रत कप्तानाच्या हातात, एक बंदराच्या अधिकाऱ्यांकडे, एक कस्टम्सकडे. झाली जहाजाला अटक. जहाज निसटण्याच्या बेतात असेल तर सुट्टीच्या दिवशी न्यायमूर्तींच्या घरी जाऊनही असा हुकूम मिळवलेला आहे. एक कागद आणि थोडी चिकटपट्टी, पण हजारो टनांचं धूड त्यानं जागच्या जागी थांबतं. मला हे अजूनही जादूसारखं वाटतं.

मात्र या जादूचा नाद मला कोर्टात लागला नाही. तो लागला गुहागर तालुक्यातल्या एका घराच्या ओटीवर.

२०२५ साली गणपतीच्या चार दिवस आधी मी तिथं गेलो होतो. माटवी अजून बांधायची होती, अंगणात ओला चिखल, आणि ज्याला भेटायचं तो घरचा मुलगा वडापची जीप चिपळूणला सोडून नुकताच आला होता. वय तिशीच्या आसपास. गावात कुणी विचारलं तर आई अजून सांगते, “तो बोटीवर असतो.” बोटीवर जाऊन-येऊन राहणाऱ्यांच्या या पट्ट्यात या वाक्याला वजन आहे, लग्नं जमतात त्यावर. पण दोन वर्षं होत आली, मुलगा घरीच आहे. बोटीवर तो ऑइलर होता, इंजिनरूममध्ये तेलपाणी बघणारा. आईनं चहा ठेवला आणि तो आतून प्लॅस्टिकची एक फाइल घेऊन आला. ती चेनची फाइल, जिच्यात आपल्याकडे रेशनकार्ड आणि एलआयसीच्या पावत्या असतात.

फाइलीत त्याची सीडीसी, म्हणजे खलाशाचं नोकरीचं पुस्तक, होती, कराराची झेरॉक्स होती, एजंटाशी झालेल्या व्हॉट्सअॅप संभाषणाचे गावातल्या सायबर कॅफेत काढलेले प्रिंट होते आणि एक दोनशे पानी वही होती. वहीत बॉलपेननं ओळी आखून लिहिलेलं: “मार्च — नाही. एप्रिल — नाही. मे — १०० डॉलर, सिमकार्ड आणि साबण. जून — नाही. जुलै — नाही.” असं ऑक्टोबरपर्यंत. साल २०२३. आठ महिन्यांचे महिना ६५० डॉलर, वजा ते शंभर. ५,१०० डॉलर. रुपयांत साडेचार लाखांच्या आतबाहेर.

“आणि उतरताना?”

“तिकीट दिलं काका. शारजा ते मुंबई. पण आधी सही मागितली, फुल अँड फायनल.”

“केलीस?”

“तिकीट त्याच्या हातात होतं ना.”

ती सही त्याच्या मनाला इतकी लागली आहे की दोन वर्षं त्यानं वकिलाचं तोंड पाहिलं नाही. आपणच लिहून दिलं, आता कुठल्या तोंडानं मागायचं? गंमत अशी, की जगात एखादा कामगार असा असेल की ज्याच्या अशा सहीला कायदा फारशी किंमत देत नाही, तर तो खलाशी. आपल्या १९५८च्या व्यापारी नौवहन कायद्यानं स्वच्छ म्हटलं होतं की कुठल्याही करारानं खलाशी जहाजावरचा आपला हक्क सोडून देऊ शकत नाही. तसं लिहून दिलं तरी ते लिहिणं फुकट. त्या कायद्याच्या जागी २०२५मध्ये संसदेनं नवा कायदा संमत केला, पण खलाशाला स्वतःच्याच सहीपासून वाचवण्याची ही रीत त्याहून फार जुनी आहे. दर्यावर्दी माणूस बंदरात उतरला की भोळा, घाईत आणि कफल्लक असतो, हे इंग्लंडच्या अॅडमिरल्टी न्यायाधीशांनी दोनशे वर्षांपूर्वीच ओळखलं होतं. त्यांच्याच काळापासून चालत आलेलं तत्त्व असं की जहाजाची एक फळी जरी शिल्लक असली, तरी त्या फळीवर पहिला हक्क खलाशाच्या पगाराचा.

फळी. लोखंडी जहाजांच्या जमान्यातही वकील हाच शब्द वापरतात.

हा हक्क म्हणजे नेमकं काय, ते कोकणातल्या माणसाला सांगणं सोपं आहे. सात-बाऱ्यावर बोजा असतो ना, तसं. जमीन विकली, बक्षीस दिली, वारसांत वाटली, तरी बोजा जमिनीबरोबर जातो. खलाशाचा पगार थकला की त्याचा बोजा जहाजावर असाच चढून बसतो. कायद्याच्या मराठीत याला धारणाधिकार म्हणतात. फोर्टातले वकील आणि बोटीवरचे लोक दोघंही लिएनच म्हणतात. जहाजानं नाव बदललं, झेंडा बदलला, मालक तीनदा बदलला, तरी लिएन तिथंच. आणि सात-बाऱ्याहून एका बाबतीत तो भयंकर आहे: हा बोजा कुठल्याच उताऱ्यावर दिसत नाही. विकत घेणाऱ्याला पत्ताही नसतो की या जहाजाच्या अंगावर कुठल्या ऑइलरचे आठ महिने चिकटलेले आहेत. बँकेचं गहाण मात्र रीतसर नोंदवलेलं असतं, आणि तरीही ते खलाशाच्या मागून येतं. कोट्यवधींचं कर्ज देणारी बँक रांगेत मागे आणि साडेचार लाखांचा ऑइलर पुढे! कामगार कायद्यांत असा मान दुसऱ्या कुणाला मिळालेला मला ठाऊक नाही. कारखाना बंद पडल्यावर गिरणी कामगारांच्या देण्यांचं काय होतं हे मुंबईला वेगळं सांगायला नको.

भारतात हे सगळं आता एका कायद्यात आहे. अॅडमिरल्टी कायदा, २०१७. अमलात आला १ एप्रिल २०१८ला. तोवर आपण कशावर चालत होतो, तर १८४० आणि १८६१च्या ब्रिटिश कायद्यांवर आणि १८९०च्या वसाहतींसाठीच्या कायद्यावर. स्वातंत्र्याला सत्तर वर्षं झाली तरी मुंबईच्या समुद्रात उभ्या जहाजाला अटक करताना व्हिक्टोरिया राणीच्या काळाचा दाखला द्यावा लागे. ही कोंडी पहिल्यांदा फोडली ती गोव्यातून निघालेल्या एका जहाजानं. १९८४च्या फेब्रुवारीत ‘एम. व्ही. एलिझाबेथ’ माल भरून मुरगाव बंदरातून निघून गेलं, मालाच्या पावत्या, म्हणजे बिल ऑफ लेडिंग, न देताच. पुढे ते विशाखापट्टणमला सापडलं, अटक झाली आणि वाद सर्वोच्च न्यायालयात गेला. जहाजाच्या बाजूचं म्हणणं असं की तुमच्या कोर्टांचा अधिकार १८६१च्या इंग्लंडात थिजलेला आहे, त्यापुढे तुम्हाला काही करता येत नाही. १९९२मध्ये न्यायमूर्ती थॉमन यांनी हे साफ नाकारलं. वाद मालाचा होता, पगाराचा नव्हे. पण स्वतंत्र देशाचं उच्च न्यायालय परक्या जहाजावर हात टाकू शकतं की नाही हा प्रश्न कायमचा मिटला, आणि त्यावरच पुढे हजारो खलाशांचे दावे उभे राहिले. संसदेला स्वतःचा कायदा करायला त्यानंतरही पंचवीस वर्षं लागली, हा आपला नेहमीचा वेग.

नव्या कायद्याच्या नवव्या कलमात रांग लावून दिली आहे. पहिला नंबर कप्तान, अधिकारी आणि खलाशी यांच्या पगाराचा. त्यात घरी परतण्याचा खर्चही आला. मग मृत्यू आणि दुखापतीची भरपाई, मग बुडत्या जहाजाला वाचवणाऱ्याचा मोबदला, मग बंदराची देणी, मग टकरीबिकरींचं नुकसान. ही सगळी रांग संपल्यावर बँक. आठ उच्च न्यायालयांना हे दावे चालवता येतात. आपल्याकडे मुंबईचं, आणि गोवाही त्यातच. अट एकच: जहाज आपल्या हद्दीच्या समुद्रात, किनाऱ्यापासून बारा सागरी मैलांच्या आत, असलं पाहिजे. मुंबई, न्हावाशेवा, दिघी, जयगड, मुरगाव, कुठंही. बारा मैलांच्या बाहेर ते दुर्बिणीतून दिसलं तरी हात चोळत बसायचं.

हा मान खलाशांना एका दिवसात मिळालेला नाही. इंग्रजी दर्याकायद्यात जुनं एक वचन होतं, की भाडं ही पगाराची आई. जहाजानं माल पोचवून भाडं कमावलं तर पगार. जहाज बुडालं, भाडं बुडालं, तर पगारही बुडाला. खलाशानं जीव तोडून जहाज वाचवावं म्हणून ही युक्ती, असं समर्थनही केलं जाई, जणू जीव वाचवण्याची इच्छा पुरेशी नव्हती. १८५४ साली ब्रिटिश संसदेनं ही आई एकदाची घराबाहेर काढली. तरी फुटलेल्या जहाजाचा पगार त्या क्षणापासून बंद, हे राहिलंच. ‘टायटॅनिक’ १५ एप्रिल १९१२च्या पहाटे बुडाली आणि तिच्या खलाशांचा पगार तिथंच थांबला. १९२०मध्ये जिनोआच्या आंतरराष्ट्रीय परिषदेत ठरलं की जहाज बुडालं तरी बेकार झालेल्या खलाशाला दोन महिन्यांपर्यंत पगाराइतकी भरपाई द्यावी. आपल्या कोकणी आणि गोवेकर लोकांची कथा याहून निराळी. बड्या ब्रिटिश कंपन्यांच्या बोटींवर डेकवर रत्नागिरीकडची माणसं, भटारखान्यात आणि सलूनमध्ये गोंयकार, असे ते पिढ्यानपिढ्या राबले ते ‘लास्कर’ म्हणून, वेगळ्या करारावर, गोऱ्या खलाशाच्या पगाराच्या लहानशा हिश्शावर. धोबीतलावच्या कुडांमधून, म्हणजे गोवेकरांच्या वसतिगृहांतून, बोटीची वाट बघत पडून राहणारे ते हेच. आजची नॅशनल युनियन ऑफ सीफेअरर्स ऑफ इंडिया आपली मुळं १८९६च्या गोवेकर खलाशांच्या क्लबात सांगते, त्यात नवल नाही.

तर कायदा खलाशाच्या बाजूचा आहे, अगदी पक्षपात वाटावा इतका. मग ऑइलर वडाप का चालवतो?

हा प्रश्न मी फोर्टातल्या एका वकीलबाईंना विचारला. खलाशांचे दावे चालवण्यात त्यांची वीसेक वर्षं गेली आहेत. टेबलावर जहाजांचे फोटो, खिडकीत कबुतरं. त्या म्हणाल्या, “लोकांना वाटतं जहाज म्हणजे फिक्स्ड डिपॉझिट. अहो, ती ससून डॉकवरची बर्फाची लादी आहे. हक्क तुमचाच, पण उन्हात ठेवलेला.”

मग त्यांनी हिशेब मांडला. अटक झालेलं जहाज कोर्टाच्या ताब्यात जातं, पण समुद्र कोर्टाचं ऐकत नाही. जनरेटर चालू ठेवायला डिझेल लागतं, पिण्याचं पाणी बार्जनं आणावं लागतं, रेशन लागतं, रात्री नांगरावर पहारा लागतो. कोर्टाच्या परवानगीनं झालेला हा खर्च शेरीफचा खर्च म्हणून धरला जातो आणि तो रांगेच्याही आधी फेडला जातो. जहाज विकायचं तर मूल्यांकन, जाहिरात, बोल्या. बोली कमी आली तर पुन्हा जाहिरात. विकल्यावर पैसे जमा होतात प्रोथोनोटरी अँड सीनियर मास्टर या कार्यालयाकडे. (उच्चार करून बघा, या पदाच्या नावातच निम्मी दिरंगाई आहे.) मग कुणाचा हक्क आधी यावर युक्तिवाद. मोठं टँकर असेल तर खलाशांचे पैसे समुद्रात खसखस, मिळतात. पण जुनी बार्ज, टग, किनाऱ्यानं फिरणारं लहान जहाज असेल, तर दीड पावसाळा उलटला की उरतो तो भंगाराचा भाव.

आणि हे सगळं होईतो खलाशी कुठं असतो? जहाजावरच.

हीच या कायद्याची गोम. मला ती कळायला वेळ लागला. बंदरात किंवा नांगरावर उभ्या जहाजावर ठरावीक माणसं असलीच पाहिजेत, नाहीतर वादळात ते दुसऱ्यावर जाऊन आदळेल. बदली माणसं आणायला मालक पैसे देत नाही, कारण मालक फोनच उचलत नाही. म्हणजे ज्यानं जहाजाला अटक करवली तोच आत. शिवाय मनात धाकधूक, उतरलो तर जहाज रातोरात निसटेल, मग कुणाच्या गळ्यात पडायचं? कायद्यानं उतरल्यामुळे हक्क जात नाही. पण आठ महिने पगार न मिळालेल्या माणसाला हे पटवून देणं कठीण, कारण ज्यांनी त्याला आजवर जे जे सांगितलं ते खोटंच निघालं.

२०२१च्या जानेवारीत संयुक्त अरब अमिरातीतल्या उम्म अल कुवैनच्या किनाऱ्यावर एक टँकर येऊन वाळूत रुतला. नाव ‘इबा’. मालक आर्थिक गोत्यात आल्यावर हे जहाज २०१७पासून नांगरावर पडलेलं होतं. वादळानं साखळ्या तुटल्या आणि ते थेट सहलीच्या चौपाटीवर. आत पाच खलाशी, त्यांत भारतीयही. लोक सेल्फी काढायला जमले. पाचही जण चार ढांगांत किनाऱ्यावर उतरू शकले असते. ते उतरले नाहीत. पगार हातात पडल्याशिवाय जहाज सोडायचं नाही, एवढी एकच गोष्ट त्यांच्या ताब्यात होती. शेवटी पूर्ण थकबाकी नाही, कमी रकमेवर तडजोड करून ते घरी गेले.

थकलेल्या पगाराची किंमत कधी पैशाहून फार मोठी पडते. ३१ ऑक्टोबर २०१२ला नीलम चक्रीवादळात चेन्नईच्या एलियट्स बीचजवळ ‘प्रतिभा कावेरी’ हे मुंबईच्या मालकीचं टँकर किनाऱ्याला लागलं. त्यावरच्या लोकांना महिनोन्महिने पगार नव्हता, रेशन आणि डिझेल संपत आलेलं. लाइफबोट उलटली आणि सहा जण गेले. जहाज जवळपास धड होतं. जे त्यावरच थांबले ते वाचले.

मुंबईच्या मालकांची जहाजं परक्या बंदरात अडकली की गोष्टीला वेगळाच रंग चढतो. उत्तर समुद्रातल्या तेलविहिरींना रसद पुरवणारं ‘मालवीय सेव्हन’ हे जहाज २०१६च्या मध्याला स्कॉटलंडच्या अॅबर्डीन बंदरात अडवलं गेलं, कारण भारतीय खलाशांचे पगार थकले होते. थोडे पैसे आले, सुटलं. पुन्हा थकले, पुन्हा अडवलं. इकडे मुंबईतली कंपनी डबघाईला आलेली. तिकडे आपली पोरं स्कॉटलंडचा हिवाळा धक्क्यावर काढतायत, स्थानिक चर्चचे लोक आणि खलाशांच्या संस्था जेवणखाण आणून देतायत. जहाज विकून पगार द्या, हा अर्ज गेला तो अॅबर्डीनच्या शेरीफ कोर्टात. (स्कॉटलंडात शेरीफ म्हणजे न्यायाधीश, आपले नगरपाल वॉरंट चिकटवतात, त्यांचे देतात.) सप्टेंबर २०१७मध्ये विक्रीची परवानगी मिळाली आणि नोव्हेंबरात उरलेले खलाशी घरी निघाले. त्याच ताफ्यातलं ‘मालवीय ट्वेंटी’ इंग्लंडच्या ग्रेट यारमथला अडकलं, ते सुटायला २०१८चा सप्टेंबर उजाडला. शेवटी कप्तान धरून चौघंच होते त्यावर. दोन्हीकडे पैसे मिळाले ते जहाज विकूनच. कायदा चालला, यात शंका नाही. पण कुणाचे किती महिने खाऊन चालला?

कंपनीच दिवाळखोरीत निघाली तर आणखी एक गाठ. २०१६च्या दिवाळखोरी संहितेनुसार कंपनीवर स्थगिती, म्हणजे मोरेटोरियम, लागली की तिच्याविरुद्धचे सगळे दावे थांबतात. मग जहाजाविरुद्धचा दावा हा कंपनीविरुद्धचा की नुसत्या लोखंडाविरुद्धचा? २०२०च्या मे महिन्यात, टाळेबंदीच्या ऐन मध्यात, न्यायमूर्ती कुलाबावाला यांनी ‘बार्ज मध्वा’च्या प्रकरणात यावर लांबलचक निकाल दिला: दावा दाखल करता येईल, जहाजाला अटकही करता येईल, फक्त स्थगिती असेतो दावा पुढे सरकणार नाही. जहाज हे कायद्याच्या नजरेत स्वतंत्र आहे, हे त्यांनी जपलं. मला स्वतःला हा निकाल पटतो. नाहीतर शतकानुशतकं टिकलेली ती फळी एका स्थगितीत वाहून गेली असती.

या सगळ्यावर तोडगा म्हणून एक आंतरराष्ट्रीय करार आहे, २००६चा सागरी कामगार करार. भारतानं तो २०१५मध्ये मान्य केला. जानेवारी २०१७पासून त्यात नवं कलम आलं: दोन महिने पगार नाही म्हणजे खलाशाला वाऱ्यावर सोडलं असं समजायचं, आणि मग विमा कंपनीनं चार महिन्यांपर्यंतचा थकलेला पगार आणि घरी जायचं तिकीट द्यायचं. कोर्ट नाही, लिलाव नाही. चांगल्या झेंड्याखाली, खऱ्या विम्यावर हे खरंच घडतं. पण वाऱ्यावर सोडली जाणारी जहाजं बहुतेक तीच, ज्यांचा झेंडा नावापुरता असतो आणि विम्याचं सर्टिफिकेट कुठल्या छापखान्यातून आलं ते देवाला माहीत. आंतरराष्ट्रीय वाहतूक कामगार महासंघाच्या, म्हणजे आयटीएफच्या, आकडेवारीप्रमाणे २०२४मध्ये ३१२ जहाजांवरचे ३,१३३ खलाशी असे सोडून दिले गेले. सगळ्यांत जास्त भारतीय, ८९९.

त्यांत आमचा ऑइलर नाही; तो आदल्या वर्षीचा, आणि त्याची नोंद कुठं झालीच नाही. कारण त्याचा प्रवास सुरू झाला तोच मागच्या दारानं. खलाशांची भरती करणाऱ्याकडे नौवहन महासंचालनालयाचा परवाना लागतो, आणि परवानेदारानं खलाशाकडून नोकरीसाठी पैसे घेणं हा गुन्हा आहे. याच्या एजंटाचं ऑफिस सीबीडी बेलापूरला होतं, परवाना भिंतीवर फ्रेम करून लावलेला, पण दुसऱ्याच कंपनीच्या नावाचा. अडीच लाख घेतले. व्हिजिट व्हिसावर शारजाला पाठवलं. करारातला पगार ६५० डॉलर, सगळं धरून. त्या वर्षी एबी, म्हणजे डेकवरच्या कुशल, खलाशासाठी आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेनं ठरवलेला किमान मूळ पगारच ६५८ होता, ओव्हरटाइम आणि रजेचे पैसे वेगळे. म्हणजे जो पगार बुडाला तो मुळातच बुडीत होता.

“तुला माहीत नव्हतं?”

“माहीत असून काय काका. सीडीसी झाली, कोर्स झाले, तीन वर्षं घरी बसलेलो. गावात सगळे विचारतात, कधी जाणार.”

आई आतून म्हणाली, “गाय विकली त्यापायी. आणि वरनं सोसायटीचं कर्ज.”

मी त्याला सहीचं सांगितलं, की ती सही तुझ्या हक्काआड येत नाही. त्याचा विश्वास बसला नाही. मग जहाजाचं काय झालं विचारलं. त्यावर तो एकदम हुशारला. फोन काढला आणि जहाजं दाखवणारं अॅप उघडलं. त्याच्या वेळी जहाजाचं जे नाव होतं ते आता नाही. मालक नवा, झेंडा नवा. पण प्रत्येक जहाजाला जन्मापासून मरेपर्यंत एकच आयएमओ नंबर असतो, सात आकडी, आणि तो त्याला तोंडपाठ आहे. नकाशावर एक हिरवा बाण. “सध्या फुजैराला उभी आहे,” तो म्हणाला. घरच्या गाईबद्दल बोलावं तसा.

हे जहाज जुनं आहे. अशी जहाजं आज ना उद्या अलंगला येतात. भावनगरजवळचा तो किनारा, जिथं अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला जहाज पूर्ण वेगानं वाळूत घुसवतात आणि गॅसकटरनं कापतात. शेवटच्या फेरीसाठी नाव पुन्हा बदलतात, झेंडाही. अलंगवर आता गुजरात उच्च न्यायालयाचा अधिकार आहे आणि तिथं कापण्याआधी जहाज अडवल्याची प्रकरणंही आहेत. पत्रे सुटे झाले, ट्रकनं गेले, की मग अडवायला काही उरत नाही. फळी शिल्लक असेतोवर, म्हणतात ते अगदी शब्दशः.

पण त्याआधी दुसरंच एक घड्याळ चालू आहे. मी ते त्याला त्या संध्याकाळी सांगितलं नाही, दुसऱ्या दिवशी फोनवर सांगितलं. पगाराचा लिएन दोन वर्षं टिकतो. बाकीच्यांचा एकच वर्ष, खलाशाला दोन, इथंही पक्षपात. ही दोन वर्षं मोजायची पगार देय झाला त्या तारखेपासून, आणि त्याच्या आत जहाज अटक होऊन विक्रीच्या वाटेला लागलं पाहिजे. पुढेही जुन्या मालकावर दावा राहतो, पण जुना मालक म्हणजे शारजातला एक बंद फोन. नव्या मालकाच्या जहाजावर हात टाकायचा तर लिएनच हवा. आणि पगार महिन्यामहिन्याला देय होतो. म्हणजे लिएन एकदम जात नाही. तो मार्चचा मार्चअखेर गेला. एप्रिलचा एप्रिलअखेर. मेचे उरलेले साडेपाचशे मेअखेर.

फोनवर तो बराच वेळ गप्प होता. मग वहीची पानं उलटल्याचा आवाज आला.

“मग जुलैपर्यंतचा गेला,” तो म्हणाला. “ऑगस्टचा गौरी-गणपतीत जाईल.”

वकीलबाईंना मी कागद पाठवले आहेत. त्यांनी नंबर लिहून घेतला; बोट बारा मैलांच्या आत आली तर एका दिवसात अर्ज टाकू म्हणाल्या. रोज सकाळी जीप काढायच्या आधी तो अॅप बघतो आणि मला एका शब्दाचा मेसेज टाकतो. फुजैरा. फुजैरा. मध्ये एकदा ‘हलली’ असा आला, मी ताडकन उठून बसलो. ती बंदर अब्बासकडे गेली आणि परत आली. सप्टेंबर संपला त्या रात्री मेसेज नव्हता. हा मजकूर छापायला जातोय तेव्हा ऑक्टोबरचे ६५० डॉलर तेवढे जहाजावर आहेत, ३१ तारखेपर्यंत. आज सकाळचा मेसेज: फुजैरा.